निकालानंतर पुरावा सापडला तर? पुनर्विलोकन अर्जाची पारख

दिवाणी दाव्याचा निकाल लागून गेल्यावर महत्त्वाचा कागद हाती आला, तर तो त्याच न्यायालयापुढे ठेवून निकाल पुन्हा तपासायला सांगता येतं. यालाच पुनर्विलोकन म्हणतात. दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 मधलं कलम 114 आणि आदेश 47 ही त्यासाठीची तरतूद. सामान्य पक्षकाराला ती कितपत वापरता येते, काय काय लागतं, काम कुठे अडतं आणि कुणी या वाटेला जाऊ नये, याची ही पारख आहे. निकालाच्या प्रमाणित प्रती देणारा नक्कल विभाग, ई-कोर्ट्सचं संकेतस्थळ आणि मोफत कायदेशीर मदत यांनाही त्यात धरलं आहे, कारण न्यायालयाची पायरी चढणाऱ्या माणसाला या सगळ्यातून एका दमात जावं लागतं.

आमचं मत आधीच सांगतो. कागद दुसऱ्याच्या ताब्यात होता, तुम्ही तो निकालाआधी मागितला होता आणि मागितल्याची पोच तुमच्याकडे आहे, तर ही सोय खरोखर कामाची आहे. कागद घरातच होता किंवा सरकारी कार्यालयात अर्ज करणाऱ्या कुणालाही मिळाला असता, पण कुणी पाहिलाच नाही, तर बहुतेक वेळा पैसा आणि वेळ दोन्ही वाया जातात. फौजदारी खटल्यात शिक्षा झालेल्यांसाठी मात्र आपली व्यवस्था अपुरी आहे. त्याबद्दल शेवटी सविस्तर लिहिलं आहे.

न्यायालय काय तपासतं

आदेश 47 नियम 1 मध्ये पुनर्विलोकनाची तीन कारणं दिली आहेत: नवा आणि महत्त्वाचा पुरावा सापडणं, निकालात वरवर पाहताच दिसणारी चूक असणं, आणि याच धर्तीचं दुसरं पुरेसं कारण. आपला विषय पहिल्या कारणाचा. त्यात तीन गोष्टी एकत्र सिद्ध कराव्या लागतात. निकालाच्या वेळी हा पुरावा तुम्हाला माहीत नव्हता किंवा सादर करता येत नव्हता. योग्य ती खटपट करूनही तो मिळाला नव्हता. आणि तो तेव्हा समोर असता तर निकाल बदलण्याची शक्यता होती. पश्चिम बंगाल राज्य विरुद्ध कमल सेनगुप्ता या 2008 च्या निवाड्यात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट मांडलं आहे: नुसता नवा कागद सापडला एवढ्यावर पुनर्विलोकन मिळत नाही.

बहुतेक अर्ज दुसऱ्या अटीवर पडतात. खटपट केली होती हे अर्जात म्हणून भागत नाही, ते दाखवावं लागतं. नियम 4 चं परंतुक, म्हणजे त्याला जोडलेली अट, त्याहून कडक आहे. नव्या पुराव्याच्या कारणावर अर्ज मंजूर करायचा असेल, तर या म्हणण्याचा काटेकोर पुरावा हवा, आणि सामनेवाल्यांना नोटीस दिल्याशिवाय मंजुरी देताच येत नाही. 'अर्जदारास सदर दस्तऐवजाची माहिती नव्हती' हे एकच वाक्य लिहिलेलं शपथपत्र या कसोटीवर टिकत नाही, आणि प्रत्यक्षात अशीच शपथपत्रं जास्त दाखल होतात.

कोणता कागद चालतो आणि कोणता चालत नाही, हे थोडं तपशिलात पाहू.

सगळ्यात भक्कम प्रकरण सरकारी दप्तरातल्या गहाळ नोंदीचं. दावा चालू असताना तुम्ही तहसील किंवा भूमी अभिलेख कार्यालयाकडे जुना फेरफार, फाळणीबारा (पोटहिश्शांच्या मोजणीची नोंद) किंवा गुणाकार बुकातला (क्षेत्रफळाच्या हिशेबाच्या वहीतला) उतारा मागितला आणि 'अभिलेख उपलब्ध नाही' असं लेखी उत्तर आलं. निकालानंतर तोच अभिलेख दुसऱ्या गावाच्या गठ्ठ्यात सापडला. अशा वेळी ते आधीचं नकारार्थी उत्तर सापडलेल्या कागदाइतकंच मोलाचं ठरतं. म्हणून दावा चालू असताना आलेली 'उपलब्ध नाही' अशी उत्तरं कधी फेकू नयेत. माहिती अधिकारात अर्ज करून ठेवणंही त्याच कारणासाठी उपयोगी पडतं. शुल्क 10 रुपये, उत्तराची सर्वसाधारण मुदत 30 दिवस, आणि अर्जावरची तारीख तुमच्या खटपटीची साक्ष देते. हाच अर्ज निकालानंतर केला की तो उलटतो, कारण सामनेवाल्याचे वकील पहिला प्रश्न हाच विचारतात की हे आधी का सुचलं नाही.

दुसरं चांगलं प्रकरण म्हणजे सामनेवाल्याच्या ताब्यातला कागद. मूळ दाव्यात तुम्ही आदेश 12 नियम 8 खाली कागद हजर करण्याची नोटीस दिली होती आणि 'असा कागद नाही' असं उत्तर मिळालं होतं, तर बाजू मजबूत होते. कागद मुद्दाम दडवून निकाल मिळवला असेल, तर प्रश्न पुनर्विलोकनापुरता राहत नाही. चेंगलवराय नायडू विरुद्ध जगन्नाथ या निवाड्यात सर्वोच्च न्यायालयाने 1993 मध्येच सांगितलं की महत्त्वाचा दस्त लपवून मिळवलेला हुकूमनामा (निकालाचा अंमलात येणारा औपचारिक आदेश) ही न्यायालयाची फसवणूक आहे आणि तो मुळातूनच निरर्थक ठरतो. तिथे वादीने स्वतःच करून दिलेलं हक्कसोडपत्र दडवलं होतं. मुदत कायद्याचं कलम 17 देखील अशा वेळी मदतीला येतं, कारण कागद कपटाने दडवलेला असेल तर मुदत तो उघड झाल्यापासून मोजता येते.

नोंदणीकृत खरेदीखत, बक्षीसपत्र, गहाणखत नंतर सापडलं, तर अवघड जातं. दुय्यम निबंधकाकडे इंडेक्स 2 चा, म्हणजे नोंदलेल्या दस्तांच्या सूचीचा, शोध घेता येत होता, मग घेतला का नाही, याला समाधानकारक उत्तर सहसा नसतं. सातबारा आणि फेरफार यांचीही तीच गत. शिवाय महसुली नोंद हा मालकीचा अंतिम पुरावा नसतो. जमीन महसूल संहितेच्या कलम 157 प्रमाणे ती उलट सिद्ध होईपर्यंत खरी मानतात, एवढंच. एकट्या फेरफारावर मालकीचा निकाल उलटेल अशी आशा कुणी दाखवली, तर त्यावर विसंबू नका.

निकालानंतर तयार झालेला कागद तर चालतच नाही. निकालाच्या दिवशी जो अस्तित्वात होता, पण हाती नव्हता, तोच पुरावा या नियमात बसतो. निकाल विरोधात गेल्यावर नवी मोजणी करून आणलेला नकाशा, जुन्या सहीवर नव्या हस्ताक्षरतज्ज्ञाचं मत, आधीच तपासलेल्या साक्षीदाराचं नवं शपथपत्र, यांतलं काहीच या दारातून आत जात नाही. निकालानंतर वरच्या न्यायालयाने दुसऱ्या प्रकरणात कायद्याचा वेगळा अर्थ लावला, तर तेही पुनर्विलोकनाचं कारण नाही. नियम 1 च्या स्पष्टीकरणात तसं लिहूनच ठेवलं आहे.

कागद पुराव्यात बसवण्याची तयारी

कागद सापडला म्हणजे तो वाचण्याजोगा आणि सिद्ध करण्याजोगा झाला असं होत नाही. जुन्या वाटणीपत्रांमध्ये, कूळखतांमध्ये, इनामाच्या कागदांमध्ये मोडी लिपी सर्रास असते. मोडी कागदाची मूळ प्रत, देवनागरी लिप्यंतर आणि लिप्यंतर करणाऱ्या जाणकाराचं शपथपत्र अशा तिन्ही गोष्टी एकत्र जोडाव्यात. पुण्याच्या पुराभिलेखागारातल्या पेशवे दफ्तरातून किंवा कोल्हापूरच्या अभिलेखागारातून कागद मिळाला असेल, तर त्यांची प्रमाणित प्रत घ्यावी. मोबाइलवर काढलेला फोटो पुरत नाही. गोव्यातल्या पोर्तुगीज काळच्या दस्ताला भाषांतर लागतं, आणि भाषांतरात क्षेत्र, चतुःसीमा आणि नावांची अक्षरं मुळाशी ताडून पाहावी लागतात. एका आडनावाच्या दोन रूपांमुळे दस्त दुसऱ्याच कुटुंबाचा असल्याचा युक्तिवाद उभा राहू शकतो.

कागद 30 वर्षांपेक्षा जुना असेल तर भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम 92 प्रमाणे, म्हणजे पूर्वीच्या पुरावा कायद्यातल्या कलम 90 प्रमाणे, सही आणि लिखाण खरं असल्याचं गृहीतक मिळू शकतं. त्याची अट एकच आहे: कागद जिथे असायला हवा तिथूनच आलेला असला पाहिजे. म्हणून तो कुणाच्या घरात, कोणत्या पेटीत, कुणाच्या देखत सापडला, हे ज्याला सापडला त्याच्याच शपथपत्रात आलं पाहिजे. अर्जदाराने 'माझ्या चुलतभावाला सापडला' असं सांगणं ही ऐकीव माहिती झाली. शपथपत्र चुलतभावाचंच हवं.

ध्वनिमुद्रण, सीसीटीव्ही, संदेश असा पुरावा असेल तर 1 जुलै 2024 पासून साक्ष अधिनियमाच्या कलम 63 चं प्रमाणपत्र लागतं. त्याचे दोन भाग आहेत. भाग अ पुरावा देणाऱ्याने भरायचा, भाग ब तज्ज्ञाने. दोन्हींत फाइलचं हॅश मूल्य, म्हणजे फाइल जराही बदलली की बदलणारी तिची आकडी ओळख, आणि ते कोणत्या पद्धतीने काढलं, म्हणजे एसएचए256 की दुसरी, हे नोंदवावं लागतं. या बाबतीतला सगळ्यात महत्त्वाचा निवाडा आपल्याच जालन्याचा आहे. अर्जुन पंडितराव खोतकर विरुद्ध कैलास कुशनराव गोरंट्याल या प्रकरणात 2014 च्या विधानसभा निवडणुकीत उमेदवारी अर्ज भरतानाच्या चित्रीकरणावरून वाद होता. सर्वोच्च न्यायालयाने 14 जुलै 2020 रोजी ठरवलं की मूळ यंत्रच हजर केलेलं नसेल, तर प्रमाणपत्र अनिवार्य आहे, आणि ज्याच्या ताब्यात यंत्र आहे तो प्रमाणपत्र देत नसेल, तर न्यायालयाकडे अर्ज करून ते मागवता येतं. इथे हमखास होणारी चूक म्हणजे फाइल व्हॉट्सॲपवरून वकिलाला पाठवणं. चित्रफीत दाबली जाते, फाइल बदलते, हॅश जुळत नाही. मूळ फोन किंवा कार्ड बाजूला ठेवून त्यावरूनच प्रत काढावी.

तीस दिवसांचं गणित

या सोयीत आम्हाला सगळ्यात जास्त खटकतं ते इथे. मुदत कायद्याच्या अनुच्छेद 124 प्रमाणे पुनर्विलोकनाची मुदत 30 दिवस आहे, आणि ती हुकूमनाम्याच्या किंवा आदेशाच्या तारखेपासून मोजतात. पुरावा सापडल्याच्या तारखेपासून नाही. म्हणजे ज्या सोयीचा पायाच 'उशिरा सापडलं' हा आहे, तिची मुदत सापडण्याआधीच सुरू होते. अमेरिकेच्या संघीय फौजदारी न्यायालयांत नियम 33 खाली नव्या पुराव्यावर नव्या सुनावणीचा अर्ज दोषी ठरवल्यापासून 3 वर्षांपर्यंत करता येतो, तर इतर कारणांसाठी 14 दिवसच मिळतात. पुरावा सापडायला वेळ लागतो हे त्या नियमाने मान्य केलं आहे. आपल्याकडे तो सगळा भार मुदत कायद्याच्या कलम 5 च्या विलंबमाफीवर टाकला आहे.

मुदत मोजताना याच कायद्याच्या कलम 12 चा पुरेपूर फायदा घ्यावा. निकालाचा दिवस धरायचा नाही, आणि नक्कल मिळवायला लागलेला वेळ वजा होतो. समजा निकाल 3 जूनला लागला, नकलेचा अर्ज 10 जूनला दिला आणि नक्कल 24 जूनला तयार झाली. साधी मुदत 3 जुलैला संपली असती. 10 ते 24 जून हे 15 दिवस वजा होऊन ती 18 जुलैपर्यंत जाते. तयार झालेली नक्कल तुम्ही आठवडाभर नेली नाही, तर तो आठवडा तुमच्या हिशेबात धरला जातो. नकलेच्या पाठीवर अर्जाची, तयार झाल्याची आणि दिल्याची अशा तारखांचा शिक्का असतो. तो नीट उमटला आहे ना, हे खिडकीवरच पाहून घ्या. हुकूमनामा तयार करायला न्यायालयाला लागलेले जे दिवस तुमच्या नकलेच्या अर्जाआधीचे असतील, ते वजा होत नाहीत. म्हणून निकालाच्या दिवशीच न्यायनिर्णय आणि हुकूमनामा या दोन्हींच्या नकलेचा अर्ज द्यावा, पुढे काय करायचं हे ठरलेलं नसलं तरी.

मुदत उलटून गेली असेल तर विलंबमाफीचा वेगळा अर्ज, वेगळं शपथपत्र. त्यात दोन टप्पे स्वतंत्रपणे लिहावे लागतात: निकालापासून पुरावा सापडेपर्यंत, आणि सापडल्यापासून दाखल करेपर्यंत. पहिला टप्पा मोठा असला तरी न्यायालय समजून घेऊ शकतं. दुसऱ्या टप्प्यात तीन-चार महिने गेले आणि त्यांचा हिशेब नाही, तर तिथेच प्रकरण संपू शकतं.

अर्ज आणि ऑनलाइन सेवा

आदेश 47 च्या नियम 3 प्रमाणे अर्जाचं स्वरूप अपिलाच्या ज्ञापनासारखं असतं, म्हणजे मुद्दे क्रमवार मांडायचे. सोबत न्यायनिर्णय आणि हुकूमनाम्याची प्रमाणित नक्कल, नवा कागद यादीसह, सापडल्याबद्दलची शपथपत्रं, आधीच्या खटपटीचे कागद आणि वकीलपत्र. न्यायालय शुल्क मूळ दाव्याच्या मूल्याशी जोडलेलं असू शकतं. मोठ्या मूल्याच्या दाव्यात ही रक्कम आधी विचारून घ्यावी, नाहीतर शुल्काच्या त्रुटीतच दिवस जातात. मुद्द्यांमध्ये एक परिच्छेद आवर्जून असावा: न्यायनिर्णयाच्या अमुक परिच्छेदात न्यायालयाने अमुक निष्कर्ष या कागदाच्या अभावी काढला आहे, आणि हा कागद तो निष्कर्ष असा बदलतो. हा जोड नसेल, तर अर्ज अपिलाचं दुसरं रूप वाटतो, आणि पुनर्विलोकन म्हणजे वेषांतर केलेलं अपील नव्हे हे पार्सियन देवी विरुद्ध सुमित्री देवी या 1997 च्या निवाड्यातलं सूत्र सामनेवाले लगेच पुढे करतात.

एक गोष्ट पक्षकारांना कुणी वेळेवर सांगत नाही. अर्ज दाखल केल्याने अंमलबजावणी आपोआप थांबत नाही. सामनेवाल्याने दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, दाखल केली असेल तर बेलिफ ताबा घ्यायला येऊ शकतो. स्थगितीचा अर्ज पहिल्याच दिवशी सोबत द्यावा.

ई-कोर्ट्सची सेवा या कामात बऱ्यापैकी उपयोगी आहे. प्रत्येक प्रकरणाला मिळणारा सीएनआर क्रमांक 16 अक्षरांचा असतो: राज्याची दोन अक्षरं, जिल्ह्याची दोन, न्यायालयाचे दोन अंक, प्रकरणाचे सहा आणि वर्षाचे चार. हा क्रमांक असला की मोफत ॲपवर तारखा, टप्पा आणि आदेश पाहता येतात. नावाने शोधताना मात्र मधलं नाव किंवा स्पेलिंग जरा बदललं तरी प्रकरण दिसत नाही, तेव्हा सीएनआर लिहून ठेवावाच. तिथून उतरवलेला निकाल वाचायला आणि वकिलाला दाखवायला ठीक आहे, पण तो प्रमाणित नक्कल नव्हे. 'निकाल ऑनलाइन मिळाला होता' म्हणून नकलेचा अर्ज न दिल्यास कलम 12 ची वजावट हातची जाते.

ई-फायलिंगसाठी कागद ए4 आकारात, 300 डीपीआयवर स्कॅन करून, शब्द शोधता येतील अशा पीडीएफमध्ये ठेवावेत. जुने पिवळे कागद काळ्या-पांढऱ्यात स्कॅन केले की शिक्के आणि पुसट सह्या उडून जातात. ते रंगीतच करावेत. कार्यालयीन हरकती बहुतेक साध्या गोष्टींवर निघतात: पानांना क्रमांक नाही, वकीलपत्रावर कल्याण निधीचा मुद्रांक नाही, पडताळणीखाली तारीख नाही, यादीतला कागद आणि जोडलेला कागद यांचा क्रम वेगळा. मुदत संपायला आठवडा असताना या हरकती आल्या तर धावपळ होते, पंधरा दिवस असताना आल्या तर होत नाही. संगणक जमत नसेल, तर जिथे ई-सेवा केंद्र आहे तिथे मदत मिळते, आणि या सेवेचं हे अंग आम्हाला मनापासून आवडतं.

वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जावं. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 प्रमाणे स्त्रिया, मुलं, अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्ती, अपंग व्यक्ती आणि कोठडीतल्या व्यक्ती यांना उत्पन्नाची अट न लावता मदत मिळते. इतरांसाठी महाराष्ट्रात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा 3 लाख रुपये आहे. दूरध्वनी 15100. पुनर्विलोकनासाठीही ही मदत मागता येते, पण नेमणूक व्हायला काही दिवस जातात, तेव्हा पहिल्या आठवड्यातच अर्ज करावा.

अपील की पुनर्विलोकन?

हा निर्णय चुकला की दोन्ही वाटा बंद होण्याचा धोका असतो. अपील दाखल केल्यानंतर तुम्हाला पुनर्विलोकन मागता येत नाही. उलट क्रम चालतो: आधी पुनर्विलोकन दाखल केलं आणि नंतर अपील केलं, तर अपिलाचा निकाल लागेपर्यंत पुनर्विलोकन ऐकता येतं. तुंगभद्रा इंडस्ट्रीजच्या 1963 च्या निवाड्यापासून हे ठरलेलं आहे. पण पुनर्विलोकन चालू आहे म्हणून अपिलाची मुदत थांबत नाही. जिल्हा न्यायालयात ती 30 दिवस, उच्च न्यायालयात 90 दिवस. पुनर्विलोकन फेटाळल्याच्या आदेशावर अपील नाही. मंजूर झालं तर मात्र सामनेवाल्याला अपील आहे. शिवाय नियम 9 प्रमाणे पुनर्विलोकनावर पुन्हा पुनर्विलोकन नाही. एकच संधी.

म्हणून मुदतीत असाल, निकालावर इतरही हरकती असतील, आणि नवा कागद हा त्यातला एक भाग असेल, तर आमचा कौल अपिलाला. अपिलात आदेश 41 नियम 27 खाली जादा पुरावा देता येतो. 1976 च्या दुरुस्तीने त्यात 'खटपट करूनही माहीत नव्हता' हे कारण स्पष्टपणे आलं, आणि न्यायनिर्णय देण्यासाठी न्यायालयालाच कागद हवासा वाटला तर तेही कारण आहे. म्हणजे दरवाजा थोडा रुंद. हा अर्ज अपिलाच्या अंतिम सुनावणीबरोबरच ऐकायचा असतो, असं इब्राहिम उद्दीन प्रकरणात 2012 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं. आधीच वेगळा निर्णय घ्या असा आग्रह धरून उपयोग नाही. सगळा निकाल ठीक आहे, फक्त या एका कागदामुळे तो उलटतो, अशी स्थिती असेल तर पुनर्विलोकन जास्त जलद आणि स्वस्त पडतं.

निकाल अजून लागलाच नसेल, तर यातलं काही करू नका. आदेश 18 नियम 17 आणि कलम 151 खाली पुरावा पुन्हा उघडण्याचा अर्ज द्या. पूर्वी यासाठी स्वतंत्र नियम 17-अ होता, तो 1 जुलै 2002 पासून गेला. पण योग्य कारण असेल तर न्यायालय अंगभूत अधिकारात परवानगी देऊ शकतं, हे के. के. वेलुसामी प्रकरणाने 2011 मध्ये मान्य केलं आहे.

तलाठी, तहसीलदार, प्रांत यांच्यापुढच्या महसुली आदेशांसाठी वेगळी वाट आहे. जमीन महसूल संहिता 1966 चं कलम 258. नवा पुरावा हे तिथेही कारण आहे आणि खासगी हक्काच्या वादात मुदत 90 दिवस, म्हणजे जास्त माणुसकीची. तिची अडचण मंजुरीत आहे. जिल्हाधिकाऱ्यांच्या हाताखालच्या अधिकाऱ्याला पुनर्विलोकन करण्याआधी आपल्या लगतच्या वरिष्ठांची परवानगी घ्यावी लागते, आणि फाइल तिथे पडून राहू शकते. ग्राहक आयोगात नव्या पुराव्यावर पुनर्विलोकन मागू नये. 2019 च्या कायद्यात ते फक्त वरवर दिसणाऱ्या चुकीपुरतं, 30 दिवसांत, असं मर्यादित आहे. तिथे वरच्या आयोगाकडे अपील हीच वाट.

फौजदारी बाजू

इथे आमचा सूर बदलतो. दिवाणी निकालावर निदान एक दार आहे. फौजदारी न्यायालयाने सही केलेला निकाल त्याच न्यायालयाला बदलता येत नाही, लेखनिकी चूक सोडून. हे पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 362, आताच्या नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 403. म्हणजे शिक्षा झाल्यावर खरा आरोपी कोण हे सांगणारा पुरावा मिळाला, तरी सत्र न्यायालयापुढे नव्या खटल्याचा अर्ज करायची तरतूदच नाही.

अपील चालू असेल तोवर वाट आहे. कलम 432, पूर्वीचं 391, अपील न्यायालयाला जादा पुरावा घ्यायचा किंवा खालच्या न्यायालयाकडून नोंदवून घ्यायचा अधिकार देतं. कलम 427, पूर्वीचं 386, फेरखटल्याचा आदेश देऊ देतं. या अधिकारांची ताकद बेस्ट बेकरी प्रकरणात दिसली. वडोदऱ्यात 1 मार्च 2002 रोजी झालेल्या हत्याकांडातले सगळे आरोपी जून 2003 मध्ये सुटले, गुजरात उच्च न्यायालयाने सुटका कायम केली, आणि 12 एप्रिल 2004 रोजी सर्वोच्च न्यायालयाने फेरखटला महाराष्ट्रात चालवायला सांगितला. जादा पुराव्याची मागणी उच्च न्यायालयाने ज्या पद्धतीने फेटाळली, त्यावरही त्या निवाड्यात कठोर टीका आहे. मुंबईत झालेल्या फेरखटल्यात 24 फेब्रुवारी 2006 रोजी 9 जण दोषी ठरले. पुढे 2012 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांतल्या 5 जणांना सोडलं आणि 4 जणांची शिक्षा कायम ठेवली.

पण तो फेरखटला अपिलाच्या साखळीतून आला. साखळी संपल्यावर सापडलेल्या पुराव्यासाठी घटनेच्या अनुच्छेद 137 खालचं सर्वोच्च न्यायालयातलं पुनर्विलोकन उरतं, आणि सर्वोच्च न्यायालयाच्या नियमांत फौजदारी प्रकरणासाठी कारण लिहिलं आहे ते वरवर दिसणाऱ्या चुकीचं. त्यानंतर राज्यपाल किंवा राष्ट्रपतींकडे दयेचा अर्ज. निर्दोष माणसाने दया मागावी, ही स्थिती आम्हाला अन्यायाची वाटते. इंग्लंडमध्ये अशी प्रकरणं तपासून अपील न्यायालयाकडे परत पाठवणारा स्वतंत्र आयोग 1997 पासून काम करतो. आपल्या विधी आयोगाने 2018 च्या 277 व्या अहवालात चुकीच्या खटल्यांना बळी पडलेल्यांना भरपाई देण्याची शिफारस केली, पण अंतिम झालेली शिक्षा नव्या पुराव्यावर पुन्हा उघडणारी वाट अजून कायद्यात नाही. ती यायला हवी.

ती येईपर्यंत कैद्याच्या नातेवाइकांनी एक करावं: अपील प्रलंबित आहे तोवर नवा पुरावा शोधण्याचं काम थांबवू नये, आणि सापडताच कलम 432 चा अर्ज अपिलाच्या फाइलवर आणावा. साक्षीदार असेल तर त्याचं शपथपत्र, तो खटल्याच्या वेळी कुठे होता आणि पोलिसांनी त्याचा जबाब घेतला होता का, हे सगळं त्यात हवं. ध्वनिमुद्रण, चित्रण असेल तर साक्ष अधिनियमाच्या कलम 63 चं प्रमाणपत्र सोबत. वकील नसेल तर कैद्याने तुरुंग अधीक्षकांमार्फत विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. त्याला उत्पन्नाचा दाखला लागत नाही.